जुनं फुटेज शोधणं आणि जपणं : या कामात नव्याने येणाऱ्यांसाठी

माहितीपटात मध्येच सत्तर-ऐंशी वर्षांपूर्वीचा एखादा रस्ता, मोर्चा किंवा बंदरावरची गर्दी दिसते आणि दहा-बारा सेकंदांत निघून जाते. त्या दहा सेकंदांमागे निदान दोन माणसांचं काम असतं. एकाने तो तुकडा हुडकून, त्याचे हक्क मिळवून निर्मात्याच्या हाती दिलेला असतो. दुसऱ्याने, बहुधा कितीतरी वर्षं आधी, तो कुजू न देता सांभाळलेला असतो. पहिल्याला आर्काइव्ह रिसर्चर म्हणतात. पुढे जबाबदारी वाढली की आर्काइव्ह प्रोड्यूसर. दुसरा फिल्म आर्काइव्हिस्ट. नोकरीच्या जाहिराती वेगळ्या, अभ्यासक्रमही वेगळे. तरीही नव्याने येणाऱ्याने दोन्ही बाजू शिकाव्यात असं मी आग्रहाने सांगेन. ज्याने कधी रीळ हाताळलेलं नाही त्या रिसर्चरला आपण नेमकं काय मागतोय हे कळत नाही. आणि लोक फुटेज कसं शोधतात हे ज्याने पाहिलेलं नाही, त्या आर्काइव्हिस्टच्या नोंदी कपाटातच राहतात.

काम किती तातडीचं आहे याची कल्पना यावी म्हणून एकच आकडा देतो. अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसने २०१३ साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासानुसार, तिथे तयार झालेल्या जवळपास ११ हजार मूक कथापटांपैकी फक्त १४ टक्के मूळ स्वरूपात उरले आहेत. सुमारे ७० टक्के पूर्णपणे गेले. हे झालं कथापटांचं. बातम्यांची, घरगुती, कारखान्यांची आणि शाळांची जी फिल्म गेली तिची तर मोजदादही कुणी ठेवलेली नाही.

आधी टेबलावर बसा

शोधाच्या कामात जायचं असलं तरी सुरुवात रिवाइंडरच्या, म्हणजे रीळ हाताने एका चक्रावरून दुसऱ्यावर गुंडाळायच्या साधनाच्या, टेबलावरून करा. संग्रहालयं, विद्यापीठांची ग्रंथालयं, फिल्म सोसायट्या यांच्याकडे न तपासलेले डबे पडलेले असतात आणि ते तपासून देणारं माणूस त्यांना हवंच असतं. आठवड्यातला एक दिवस मिळाला तरी पुरे.

पहिला प्रश्न : फिल्मचा बेस, म्हणजे चित्राचा थर ज्यावर असतो ती पारदर्शक पट्टी, कोणता? बेस तीन प्रकारचे असतात आणि प्रत्येकाचं दुखणं वेगळं.

नायट्रेट सर्वांत जुना. थिएटरसाठीच्या ३५ मिमी फिल्ममध्ये तो १९५०च्या सुमारापर्यंत वापरात होता. कोडॅकने त्याचं उत्पादन १९५१ साली थांबवलं. पेटल्यावर तो लागणारा ऑक्सिजन स्वतःच पुरवतो, त्यामुळे पाण्यात बुडवला तरी विझत नाही. १९३७ साली न्यू जर्सीतल्या लिटल फेरी इथे फॉक्स या चित्रपट कंपनीचं गोदाम जळालं आणि त्या कंपनीच्या मूकपटांचा मोठा भाग त्यात संपला. १९८२ साली मेक्सिको सिटीतलं राष्ट्रीय फिल्म संग्रहालय असंच गेलं. म्हणून १९५१च्या आधीची, बेस न ओळखलेली ३५ मिमी फिल्म प्रोजेक्टरवर चढवायची नाही, साध्या कुरिअरने पाठवायची नाही आणि कचऱ्यातही टाकायची नाही. थंड जागी वेगळी ठेवून अनुभवी संग्रहालयाला कळवायचं. ती कुजायला लागली की आधी चित्र फिकट होतं, मग पृष्ठभाग चिकट होतो, फेस येतो, रीळ दगडासारखं घट्ट होतं आणि शेवटी तपकिरी भुकटी उरते.

ॲसिटेट म्हणजे जिला सेफ्टी फिल्म म्हणतात ती. आग लागण्याची भीती नाही, पण डबा उघडताच व्हिनेगरचा वास आला तर समजायचं की बेस तुटायला लागलाय. त्यातून सुटणारं ॲसेटिक ॲसिड तीच प्रक्रिया आणखी वेगाने पुढे नेतं आणि शेजारच्या डब्यांनाही लागण होते. वास तपासायला नाक डब्यात घालू नका. खोलीत हवा खेळती ठेवा. अमेरिकेतल्या रॉचेस्टरच्या इमेज पर्मनन्स इन्स्टिट्यूटने तयार केलेल्या निळ्या ए-डी पट्ट्या डब्यात ठेवल्या की ॲसिडच्या प्रमाणानुसार त्यांचा रंग हिरवा, मग पिवळा होतो. शंभर डब्यांतले आधी कोणते वाचवायचे हे त्यावरून ठरवता येतं.

पॉलिएस्टर सर्वांत टिकाऊ. गुंडाळलेलं रीळ कडेने प्रकाशासमोर धरलं तर पॉलिएस्टरमधून उजेड आरपार दिसतो, ॲसिटेट अपारदर्शक राहतं. मात्र पॉलिएस्टर फाटत नाही, त्यामुळे ते अडकलं तर मशिनच मोडतं.

फिल्मच्या कडेवर ‘नायट्रेट’ किंवा ‘सेफ्टी’ असं इंग्रजी अक्षरांत छापलेलं असतं, पण त्यावर एकदम विसंबू नका. प्रिंट काढताना निगेटिव्हच्या कडेवरची अक्षरंही प्रिंटवर उतरू शकतात. तीच गोष्ट तारखेच्या खुणांची. कोडॅकच्या फिल्मवर वर्तुळ, चौकोन, त्रिकोण अशा खुणा असतात आणि त्या वीस वर्षांनी पुन्हा येतात. म्हणजे १९३६ची खूण १९५६लाही दिसेल. शिवाय ती खूण कच्ची फिल्म कधी बनली ते सांगते, चित्रण कधी झालं ते नाही.

लांबीवरून वेळ काढायची सवय लवकर लावून घ्या. सेकंदाला २४ फ्रेमच्या वेगाने १,००० फूट ३५ मिमी म्हणजे सुमारे ११ मिनिटं, आणि ४०० फूट १६ मिमी म्हणजेही तेवढीच. सुपर ८ची पन्नास फुटी कार्ट्रिज १८ फ्रेमच्या वेगाने ३ मिनिटं २० सेकंद चालते. डब्याची जाडी बघून ‘यात साधारण पाच मिनिटं असतील’ असं सांगता येऊ लागलं की निर्मात्याशी बोलणं सोपं जातं.

आता प्रत्यक्ष तपासणी. रीळ रिवाइंडरवर चढवा. कापडी हातमोजा घालून डाव्या हाताच्या अंगठ्यात आणि तर्जनीत फिल्मच्या फक्त दोन कडा हलक्या धरा आणि उजव्या हाताने हँडल सावकाश फिरवा. फिल्मच्या कडेवरचं फाटलेलं भोक हातमोज्याच्या कापडाला अडकतं. सांधा, म्हणजे दोन तुकडे जोडलेली जागा, डोळ्यांना दिसण्याआधी बोटांना लागतो. तिथे थांबा. सांधा सिमेंटचा, म्हणजे फिल्म चिकटवायच्या द्रावाचा, असेल तर वाळून सुटायला आलाय का बघा. टेपचा असेल तर गोंद पाझरून शेजारच्या वेटोळ्याला चिकटलाय का बघा. भिंग लावून फ्रेम पाहा, फुटाचा आकडा लिहा : ‘फूट ११२, ध्वनिपट्टीच्या बाजूची तीन भोकं फाटलेली.’ आकसण्याचं माप असतं, त्यावर शंभर भोकांची लांबी तपासतात. आकसणं एक टक्क्याच्या आसपास गेलं की साध्या दातेरी चाकांच्या मशिनवर ती फिल्म नेऊ नका. दात्यांशिवाय फिल्म ओढणारे स्कॅनर असतात, ते त्यासाठीच. चिकटलेलं वेटोळं जोर लावून सोडवायचं नाही. तिथे काम थांबवून जाणत्याला बोलवायचं.

डबा बदलताना जुन्या डब्यावरचं अक्षर न् अक्षर उतरवून घ्या, चुका आणि खाडाखोडीसकट, आणि फोटोही काढा. डब्यावरचं लिहिलेलं आणि आतलं रीळ पुष्कळदा जुळत नाही. पण त्या चुकीच्या लेबलवरूनच, हरवलेलं दुसरं रीळ कुठल्या डब्यात गेलं असेल याचा माग लागतो.

नोंद कशी लिहायची

दोन्ही कामं जिथे एकत्र येतात ती जागा ही. ‘बाजार, जुना, कृष्णधवल’ अशी नोंद मी शेकड्यांनी पाहिली आहे. ती असून नसल्यासारखी. तोच शॉट असा लिहून पाहा :

‘००:४२ ते ०१:०५. वरच्या मजल्यावरून दिसणारा बाजाराचा रस्ता, लाँग शॉट. घोडागाड्या, एक ट्राम, दोन मोटारी. उजवीकडच्या दुकानाची पाटी वाचता येते. कॅमेरा डावीकडून उजवीकडे वळतो. शेवटी एक मुलगा थेट कॅमेऱ्याकडे बघतो. मूक, १६ मिमी रिव्हर्सल, मूळ प्रत. डब्यावर लिहिलेलं : सुट्टी. कडेवरच्या खुणेनुसार फिल्मचं उत्पादन १९३६ किंवा १९५६. मोटारींच्या बनावटीवरून १९३०च्या दशकाचा शेवट असावा, हा अंदाज.’

(रिव्हर्सल म्हणजे निगेटिव्हशिवाय थेट पाहण्याजोगं चित्र देणारी फिल्म.) यात तीन गोष्टी वेगळ्या ठेवल्या आहेत : जे दिसतं ते, जे कुणीतरी लिहून ठेवलंय ते, आणि आपला अंदाज. ही सरमिसळ झाली की दहा वर्षांनी तुमचा अंदाज वस्तुस्थिती म्हणून छापून येतो. पाटी, मुलगा, कॅमेऱ्याची हालचाल हे तपशील रिसर्चरसाठी आहेत. त्याला ‘बाजार’ नको असतो, ‘कॅमेऱ्याकडे बघणारं लहान मूल’ हवं असतं. फिल्म संग्रहालयांच्या १९३८ साली स्थापन झालेल्या आंतरराष्ट्रीय संघाने, म्हणजे फिआफने, २०१६ साली नोंदींची सविस्तर नियमावली काढली आहे. ती वाचाच, पण आधी स्वतःच्या हाताने शंभर शॉट लिहून काढा आणि मग वाचा. नियम कशासाठी आहेत ते तेव्हा उमगतं.

शोधायचं कसं

पटकथा हातात आली की मागण्यांचे दोन ढीग करा. एकात नेमक्या घटना : हेच भाषण, हाच पूर. दुसऱ्यात वातावरण : त्या काळातलं रेल्वे स्टेशन, पावसातली गर्दी. पहिल्या ढिगासाठी संग्रहालय गाठण्याआधी एक प्रश्न विचारा : तिथे कॅमेरा असण्याची शक्यता होती का, आणि कुणाचा? न्यूजरील (थिएटरात दाखवले जाणारे बातमीपट) काढणाऱ्या कंपनीचा, सैन्याचा, सरकारी खात्याचा, तेल किंवा पोलादाच्या कंपनीच्या प्रसिद्धी विभागाचा, धर्मप्रसारकांचा, की एखाद्या हौशी कुटुंबाचा? उत्तरावरून दार ठरतं. १६ मिमी १९२३ साली बाजारात आल्यावर हौशी चित्रण झपाट्याने वाढलं, आणि न्यूजरीलवाल्यांनी ज्या गल्लीकडे ढुंकूनही पाहिलं नाही ती गल्ली घरगुती रिळात सापडते.

ब्रिटिश पाथे या जुन्या न्यूजरील कंपनीच्या संग्रहाने २०१४ साली आपल्या सुमारे ८५ हजार फिल्म यूट्यूबवर टाकल्या. अमेरिकेच्या राष्ट्रीय अभिलेखागारात युनिव्हर्सलची न्यूजरील आहेत आणि ती हक्कमुक्त आहेत. शैक्षणिक, औद्योगिक आणि जाहिरातींच्या फिल्मसाठी रिक प्रेलिंगर यांनी १९८३ पासून जमवलेला संग्रह पाहा. त्यातला पुष्कळ भाग इंटरनेट आर्काइव्हवर आहे. लंडनच्या इम्पीरियल वॉर म्युझियमकडे पहिल्या महायुद्धापासूनची फिल्म आहे. सराव करायला एवढं भरपूर झालं.

शोधशब्द त्या काळातले वापरा. १९३०च्या न्यूजरीलच्या सूचीत ‘महिला सक्षमीकरण’ कुठून मिळणार? ‘महिला वैमानिक’ मिळेल. शहरांची जुनी नावं, जुनी स्पेलिंगं, राज्यकर्त्यांच्या भाषेतली नावं, सगळी घालून बघा. सूचीत नसलं म्हणजे संग्रहात नाही असं धरून चालू नका, कारण ऑनलाइन आलेला भाग छोटा असतो. आर्काइव्हिस्टला पत्र लिहा आणि नीट लिहा : कोणतं वर्ष, कोणती जागा, किती सेकंद, कशासाठी, कधीपर्यंत. ‘जुन्या काळाचं काहीही चालेल’ अशा पत्राला उत्तर येत नाही आणि यायचं कारणही नाही. न वापरलेले तुकडे, म्हणजे कापून बाजूला ठेवलेलं चित्रण, आहे का हे आवर्जून विचारा. प्रसारित झालेल्या बातमीपेक्षा त्यात कितीदा तरी जास्त मोल असतं.

अनपेक्षित जागांवरही भरवसा ठेवा. १९७८ साली कॅनडातल्या डॉसन सिटीत खोदकाम करताना गोठलेल्या जमिनीतून मूकपटांची पाचशेहून अधिक रिळं निघाली. १९९४ साली इंग्लंडमधल्या ब्लॅकबर्न इथे एका दुकानाच्या तळघरात, धातूच्या पिंपांमध्ये, विसाव्या शतकाच्या सुरुवातीच्या ८००हून अधिक निगेटिव्ह सापडल्या. कुणाच्या माळ्यावर काय पडलंय हे विचारत राहणं हा कामाचाच भाग आहे.

मिळालेली प्रत्येक क्लिप एका तक्त्यात चढवा : तुमचा क्रमांक, स्रोत, स्रोताचा मूळ क्रमांक, टाइमकोड (चित्रणातली नेमकी जागा दाखवणारा वेळेचा आकडा), हक्कदार, दर, सध्या काय स्थिती आहे, आणि एडिटमध्ये कुठे बसलीय. फाइलचं नाव बदललंत तरी मूळ क्रमांक त्यात ठेवा. संग्रहालयाकडून आलेल्या पाहणी प्रतीवर टाइमकोड आणि वॉटरमार्क छापलेला असतो. एडिटरने तो टाइमकोड कापून काढला तर मास्टर, म्हणजे वॉटरमार्क नसलेली पूर्ण दर्जाची प्रत, मागवताना सगळं नव्याने शोधावं लागतं. एडिट लॉक झालं, म्हणजे त्यात आणखी बदल होणार नाहीत असं ठरलं, की यादी काढा आणि प्रत्येक तुकड्याच्या दोन्ही टोकांना थोड्या जास्त फ्रेम धरून मास्टर मागवा.

हक्क

रीळ ज्याच्याकडे आहे त्याच्याकडे हक्क असतीलच असं नाही. नव्या माणसाच्या मनावर ही एक गोष्ट बिंबली तरी पुष्कळ. एकाच तुकड्यात चित्रणाचा हक्क, पार्श्वसंगीताचा हक्क, मागे भिंतीवर दिसणाऱ्या चित्राचा हक्क आणि ओळखू येणाऱ्या माणसाचा हक्क असे वेगवेगळे दावे असू शकतात. लायसन्स घेताना माध्यम कोणतं, प्रदेश कोणता, मुदत किती, सेकंद किती हे लेखी हवं. दर बहुधा सेकंदावर किंवा मिनिटावर असतो आणि किमान आकारणी ठरलेली असते, त्यामुळे चार सेकंद वापरूनही तीसचे पैसे पडू शकतात. फक्त महोत्सवांपुरतं स्वस्त लायसन्स घेतलंत, तर पुढे प्रक्षेपणाच्या वेळी काय दर पडेल तो आताच करारात लिहून घ्या. नंतर मागायला गेलात तर तुमची गरज समोरच्याला कळलेली असते.

हक्कमुक्त हा शब्द देशागणिक बदलतो. अमेरिकेत १९७८पूर्वी प्रकाशित झालेल्या चित्रपटांना जास्तीत जास्त ९५ वर्षांचं संरक्षण आहे आणि तिथल्या केंद्र सरकारने स्वतः तयार केलेल्या फिल्मला देशांतर्गत कॉपीराइट लागत नाही. पण तीच फिल्म दुसऱ्या देशात दाखवताना तिथला कायदा बघावा लागतो. हक्कदार सापडतच नसेल तर केलेल्या प्रत्येक शोधाची तारीखवार नोंद ठेवा. विमा कंपनी आणि वाहिनी तीच मागतात.

कायद्यापलीकडेही एक प्रश्न आहे. तुरुंगात, रुग्णालयात, वसाहतींच्या काळात माणसांना न विचारता केलेलं चित्रण संग्रहांमध्ये भरपूर आहे. लायसन्स मिळालं म्हणून ते चेहरे वाटेल तसे वापरायला आपण मोकळे होत नाही. त्या समाजातल्या आजच्या लोकांशी बोला आणि त्यांनी नको म्हटलं तर दुसरा शॉट शोधा.

दिसतंय तेच आहे ना?

१९१७ साली रशियातल्या पेट्रोग्राडच्या हिवाळी राजवाड्यावर झालेल्या हल्ल्याचं म्हणून जे चित्रण वर्षानुवर्षं दाखवलं गेलं, ते प्रत्यक्षात सर्गेई आयझेनस्टाइन यांनी दहा वर्षांनंतर कथापटासाठी उभं केलेलं दृश्य आहे. त्या रात्री तिथे कॅमेरा नव्हताच. पहिल्या महायुद्धातल्या १९१६च्या सोम लढाईच्या प्रसिद्ध चित्रणातही खंदकातून वर चढणाऱ्या सैनिकांचे काही शॉट मुद्दाम घडवून घेतलेले आहेत. म्हणून प्रत्येक शॉटला विचारा : कॅमेरा इथे कसा पोचला? शत्रूच्या बाजूला उभा राहून कुणी चित्रण केलं असेल? सैनिकांचं तोंड कॅमेऱ्याकडे आणि पाठ गोळ्यांकडे, हे कसं? मग पाट्या, सावल्यांची दिशा, पानं झडलीत की नाही, गणवेशावरची चिन्हं बघा. अक्षरं उलटी दिसली तर कुठेतरी कॉपी करताना फिल्म उलटी बसली आहे.

सध्या कृत्रिम बुद्धिमत्तेने बनवलेली ‘जुनी’ दृश्यं आणि रंग चढवलेल्या, फ्रेम वाढवलेल्या प्रती सगळीकडे फिरतात. आर्काइव्ह प्रोड्यूसरांच्या आर्काइव्हल प्रोड्यूसर्स अलायन्स या संघटनेने २०२४ साली माहितीपटांसाठी याबाबत मार्गदर्शक तत्त्वं प्रसिद्ध केली. प्रेक्षकाला सांगितल्याशिवाय कृत्रिम दृश्य खऱ्याच्या जागी वापरू नये, हा त्यांचा गाभा. मी तर म्हणेन की शोधताना रंगीत केलेली प्रत सापडली तर ती फक्त खूण समजा आणि मूळ कृष्णधवल रीळ कुठे आहे ते शोधायला लागा. वेगाचंही तसंच. मूकपट सेकंदाला बहुधा १६ ते २० फ्रेमच्या आसपास चित्रित होत; २४ने चालवले की माणसं तुरुतुरु पळतात आणि आपले पूर्वज विनोदी वाटायला लागतात. योग्य वेगाने पाहिलं की तीच माणसं संथपणे, रुबाबात चालताना दिसतात.

जपण्याचं गणित

फिल्मला थंडी, कोरडेपणा आणि स्थिरता हवी. आर्द्रता ३० ते ५० टक्क्यांच्या दरम्यान. तापमान जितकं खाली तितकं आयुष्य जास्त. १९८०च्या आधीच्या बऱ्याच रंगीत प्रिंट आज गुलाबी-लालसर दिसतात, कारण इतर रंग उडून गेले. तो ऱ्हासही थंडीत मंदावतो. डबे आडवे ठेवा, गंजलेले काढून टाका, व्हिनेगरचा वास येणारे वेगळ्या खोलीत हलवा. मोठं शीतगृह परवडत नसेल तर निदान गच्चीखालच्या तापलेल्या खोलीतून आणि ओल्या तळघरातून डबे बाहेर काढा. एवढ्यानेही बरीच वर्षं मिळतात.

स्कॅन झालं म्हणून मूळ रीळ टाकायचं नसतं. उद्याचा स्कॅनर आजच्यापेक्षा चांगला असेल, आणि नीट ठेवलेली फिल्म कुठल्याही हार्ड डिस्कपेक्षा जास्त टिकते. स्कॅन करताना कडा आणि भोकांचा भाग चित्रात येऊ द्या, कारण पुरावा तिथेच असतो. जागेचा अंदाजही आधी बांधा. पूर्ण फ्रेमची ४के, १० बिट डीपीएक्स फाइल (प्रत्येक फ्रेमचं वेगळं चित्र) फ्रेममागे सुमारे ५१ मेगाबाइट होते. दीड तासाच्या चित्रपटाला साडेसहा टेराबाइटच्या वर लागतात. म्हणून अनेक संग्रहालयं गुणवत्ता न घटवता आकार कमी करणारं एफएफव्ही१ हे कोडिंग मत्रोस्का प्रकारच्या फाइलमध्ये वापरतात. प्रती तीन, दोन वेगळ्या माध्यमांवर, एक दुसऱ्या गावी. प्रत्येक फाइलचा चेकसम (तिच्या आतल्या माहितीवरून काढलेला ओळखीचा आकडा) काढा आणि तो ठरावीक काळाने पडताळा. फाइल आतून बिघडली तरी नाव आणि आकार तसाच राहतो. एलटीओ या संगणकीय साठवणीच्या टेपवर ठेवत असाल तर पिढ्यांचं भान ठेवा : एलटीओ-८ ड्राइव्ह एलटीओ-७ टेप वाचतो, एलटीओ-६ वाचत नाही.

व्हिडिओ टेपची वेळ फिल्मपेक्षाही कमी उरली आहे. फिल्म निदान प्रकाशासमोर धरून बघता येते. टेपला मशिन लागतं. यू-मॅटिक हा व्हिडिओ कॅसेटचा प्रकार १९७१ साली बाजारात आला, आज त्याचे चालू प्लेअर आणि ते दुरुस्त करणारी माणसं दोन्ही दुर्मीळ आहेत. फुनाई या जपानी कंपनीने व्हीएचएस प्लेअर बनवणं २०१६ साली बंद केलं. संग्रहात फिल्म आणि टेप दोन्ही असतील, फिल्मला वास येत नसेल, तर आधी टेप हाती घ्या.

शिक्षण आणि पहिली नोकरी

रॉचेस्टरच्या जॉर्ज ईस्टमन म्युझियममधलं सेल्झनिक स्कूल १९९६ पासून फिल्म संवर्धन शिकवतं. ॲमस्टरडॅम विद्यापीठातही याच विषयाची पदव्युत्तर पदवी आहे. फिआफच्या कार्यशाळा जगभर होतात. शोधाच्या बाजूला फोकल इंटरनॅशनल ही फुटेज पुरवणाऱ्या संस्थांची आणि रिसर्चरची संघटना आहे. पदवी नसली तरी दार बंद होत नाही. पहिल्या नोकऱ्या बहुधा लॉगर (शॉटच्या नोंदी करणारा), आर्काइव्ह असिस्टंट, स्कॅनिंग ऑपरेटर किंवा हक्क विभागातला सहायक अशा असतात. संग्रहालयात पगार माफक, काम सलग. निर्मितीच्या बाजूला पैसे थोडे बरे, पण काम प्रकल्पापुरतं आणि दोन प्रकल्पांच्या मध्ये रिकामे महिने. आवडीपोटी हे अंतर नजरेआड करू नका. सुरुवातीची दोन-तीन वर्षं कशावर काढायची ते ठरवून मगच उतरा.

अर्ज करताना ‘मला जुन्या सिनेमांची आवड आहे’ एवढं लिहून भागत नाही. हक्कमुक्त असलेलं एखादं दहा मिनिटांचं रीळ निवडा, त्याची शॉटवार यादी करा, जागा आणि वर्ष कशावरून ठरवलं ते लिहा, जे ठरलं नाही तेही लिहा आणि ती चार पानं अर्जाला जोडा. कुठलाही अनुभवी आर्काइव्हिस्ट आधी तीच वाचेल.